वारस दाखला हातात आला तरी फॅमिली पेन्शन सुरू होईलच असं नाही

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. वडील राज्य सरकारच्या एका खात्यात क्लास थ्री होते, नोकरी २००५ च्या बरीच आधीची, ऑगस्ट २०२२ मध्ये सर्व्हिसमध्ये असतानाच वारले. आईचं लग्न १९९६ चं. त्याआधी वडिलांचं गावाकडे एक लग्न झालं होतं, ती बाई वर्षभरात माहेरी गेली ती परत आलीच नाही, आणि स्टॅम्प पेपरवर फारकत झाली असं आजी सांगायची. पण सर्व्हिस बुकात नाव अजून तिचंच आहे. आता तिनेही अर्ज दिलाय, म्हणून ऑफिसने दोन्हीकडे एकच पत्र पाठवलं की सक्षम न्यायालयाचा वारस दाखला आणा. तुमचे वकील तो अर्ज टाकतायत आणि तुम्ही विचारताय की दाखल्याला किती वेळ लागेल आणि तो मिळाला की आईची पेन्शन लगेच चालू होईल का.

वेळेचं नंतर बोलू. आधी दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर देतो कारण त्यातच सगळं अडकलंय. नाही, नुसत्या त्या दाखल्यावर पेन्शन चालू होईल याची खात्री मी देणार नाही. तुमचा दरवाजाच चुकतोय असं मला वाटतं, आणि त्यात तुमची किंवा तुमच्या वकिलांची फार चूक आहे असंही नाही, कारण ऑफिसच्या पत्रातच तसं लिहिलंय. मी वकील आहे, २२ वर्षं सर्व्हिस मॅटर म्हणजे सरकारी नोकरीचे खटले करतोय, त्यातली निम्मी पेन्शनची, आणि हे एकाच साच्यातलं पत्र मी किती वेळा पाहिलं असेल त्याला मोजदाद नाही. दोन बायकांचे अर्ज आले की आस्थापना शाखा नियम उघडत नाही, कोर्टाचा कागद आणा म्हणते आणि फाईल कपाटात जाते.

मुळात फॅमिली पेन्शन ही वारसाहक्काने मिळणारी गोष्ट नाहीच. वडिलांची जमीन, घर, बँकेतले पैसे, पीएफ हे त्यांचं, ते गेल्यावर वारसांचं. पण फॅमिली पेन्शन वडिलांची कधीच नव्हती, ते जिवंत असताना तिचा एक रुपया त्यांना काढता आला नसता, मृत्युपत्रात कोणाला लिहून देता आला नसता. ती त्यांच्या मृत्यूनंतर नियमाप्रमाणे थेट कुटुंबाला मिळते. सुप्रीम कोर्टाने १९९१ मध्येच सांगितलंय की फॅमिली पेन्शन हा मयताच्या इस्टेटीचा भाग नाही, आणि २०१६ मध्ये पंजाबच्या एका केसमध्ये, जिथे आई आणि विधवा सून भांडत होत्या, तेच परत सांगितलं की वारस कोण हे न बघता नियमात 'कुटुंब' कोणाला म्हटलंय ते बघा. आपल्याकडे तो नियम म्हणजे महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम १९८२ मधला नियम ११६. म्हणून तुमच्यापुढचा खरा प्रश्न 'वारस कोण' हा नाही, 'ऑगस्ट २०२२ मध्ये वडील गेले त्या दिवशी त्यांची कायदेशीर पत्नी कोण होती' हा आहे. या प्रश्नाचं पक्कं उत्तर वारस दाखल्याच्या अर्जात मिळत नाही.

का मिळत नाही ते नीट समजून घ्या. आपल्याकडे दोन दाखले लोक एकमेकांत मिसळतात. एक १८२७ च्या रेग्युलेशनखालचा वारस दाखला, जो मयताचे वारस कोण एवढंच सांगतो, आणि दुसरा भारतीय उत्तराधिकार कायदा १९२५ खालचं उत्तराधिकार प्रमाणपत्र, ज्याला सगळे सक्सेशन म्हणतात. सक्सेशन हे येणं वसूल करायचं प्रमाणपत्र आहे, म्हणजे बँकेने किंवा ऑफिसने पैसे कोणाच्या हातात द्यावेत म्हणजे त्यांची जबाबदारी संपेल, एवढ्यापुरतं. त्याची चौकशी संक्षिप्त असते. कलम ३७३ मध्ये स्पष्ट आहे की प्रश्न फार गुंतागुंतीचा असेल तर न्यायाधीश तो न सोडवताही, वरवर पाहता ज्याचा हक्क सरस वाटतो त्याला प्रमाणपत्र देऊ शकतात, आणि कलम ३८७ म्हणतं की इथे काहीही ठरलं तरी तोच प्रश्न दाव्यात पुन्हा उघडता येतो. म्हणजे तुम्ही दोन-अडीच वर्षं लढून दाखला आणलात तरी समोरची बाई दुसऱ्या दिवशी दावा टाकू शकते आणि ऑफिस पुन्हा हात वर करू शकतं. माझ्या एका पक्षकार बाईंचं अगदी असंच झालं. त्यांनी दुसऱ्या वकिलांकडून सक्सेशन आणलं होतं, ते जोडून प्रस्ताव वर गेला आणि आक्षेप लागून परत आला की प्रमाणपत्रावरून अर्जदार कायदेशीर पत्नी असल्याचं सिद्ध होत नाही. त्या बाई माझ्याकडे आल्या तेव्हा नवरा जाऊन चार वर्षं होऊन गेली होती, धुणीभांडी करून मुलाची फी भरत होत्या, आणि दाखला लॅमिनेट करून आणला होता.

याचा अर्थ सक्सेशन नकोच असं नाही. जीपीएफ (सरकारी भविष्य निर्वाह निधी), गट विमा, रजा रोखीकरण या रकमांसाठी लागतं, विशेषतः नॉमिनेशन नसेल किंवा भांडण असेल तेव्हा. जीपीएफवर पहिलीचं नॉमिनेशन असलं तरी घाबरू नका, नॉमिनी हा पैसे स्वीकारणारा माणूस, मालक नाही, हे सुप्रीम कोर्टाने पीएफच्या बाबतीत २००९ मध्ये सांगितलंय, तिथे नॉमिनी आईच होती तरी बायकोला वाटा मिळाला. ग्रॅच्युइटीचं गणित आणखी वेगळं, तिथे नियमांमधलं नॉमिनेशन आणि 'कुटुंब' दोन्ही बघावं लागतं. थोडक्यात एका माणसाच्या मृत्यूनंतर पाच वेगवेगळ्या रकमा येतात आणि पाचांचे नियम सारखे नाहीत, म्हणून वकिलांना सांगा की अर्जाच्या परिशिष्टात काय काय घातलंय ते एकदा दाखवा.

आता लग्नाचा मुद्दा. इथे परिस्थितीवर खूप काही अवलंबून आहे आणि तुम्ही जे लिहिलंय त्यात काही धागे सुटलेत, ते मला माहीत नसताना मी तुम्हाला जिंकाल किंवा हराल असं सांगणं बरोबर नाही.

सगळ्यात मोठा धागा म्हणजे ती फारकत. हिंदू विवाह कायदा १९५५ मध्ये आला आणि तेव्हापासून पहिलं लग्न टिकून असताना केलेलं दुसरं लग्न रद्दबातल आहे, मग ते देवळात लावलेलं असो, बँड लावून केलेलं असो, पंचवीस वर्षं टिकलेलं असो. आणि नोटरीपुढे शंभर रुपयांच्या स्टॅम्पवर सही केली म्हणून लग्न मोडत नाही, घटस्फोट द्यायचा अधिकार नोटरीला नाहीच. पण त्याच कायद्याच्या कलम २९(२) ने रूढीप्रमाणे होणारा घटस्फोट जिवंत ठेवलाय. तुमच्या समाजात काडीमोड किंवा फारकत घेऊन पाट लावायची पद्धत पूर्वापार असेल, तर ती फारकत कायद्याने चालते. फक्त ती पद्धत आहे हे सिद्ध करायची जबाबदारी तुमची. नुसतं 'आमच्यात चालतं' म्हणून भागत नाही, दाव्यात ती रूढी नीट मांडावी लागते, समाजातली जुनी माणसं साक्षीला आणावी लागतात, त्यांच्याच घरातली, भावकीतली अशी फारकतीची आणि पुन्हा लग्न झाल्याची दोन-चार उदाहरणं सांगावी लागतात. तो स्टॅम्प पेपर सापडला तर तो पुरावा म्हणून सोन्याचा आहे, पण तो घटस्फोट म्हणून नाही, रूढीप्रमाणे फारकत खरंच झाली याचा कागद म्हणून. आजी हयात नाहीत असं तुमच्या लिहिण्यावरून वाटतंय, तर त्या बैठकीला बसलेलं आणखी कोण आहे ते आजच शोधा. ही माणसं सत्तरी-ऐंशीची असतात आणि कोर्टाच्या तारखा त्यांच्यासाठी थांबत नाहीत.

दुसरा धागा, ती बाई पुढे कुठे गेली? तिने दुसरं घर केलं का? केलं असेल तर तिच्या त्या घरच्या मुलांच्या शाळेच्या दाखल्यावर बापाचं नाव कोणाचं आहे, तिचं नाव कोणत्या रेशनकार्डात आणि मतदार यादीत आहे, हे बघा. दोघांनीही लग्न संपलं असं धरून आयुष्य पुढे नेलं हे यातून दिसतं आणि फारकतीच्या गोष्टीला बळ येतं.

तिसरा, तुम्ही अनुसूचित जमातीतले आहात का? असाल तर हिंदू विवाह कायदाच सहसा लागू होत नाही, कलम २(२), तिथे जमातीची रूढी बघायची, आणि नंदुरबार-गडचिरोलीकडच्या केसेस म्हणूनच वेगळ्या जातात. मुस्लिम कर्मचाऱ्याचंही तसंच, तिथे दोन्ही विधवा कायदेशीर असू शकतात आणि नियम ११६ मध्ये एकापेक्षा जास्त विधवा असल्या तर समान वाटे करायचे हे लिहिलेलं आहेच. या समान वाट्याच्या वाक्यावरून पूर्वी हिंदू दुसऱ्या बायकोलाही निम्मी पेन्शन मिळते का यावर आपल्या हायकोर्टात उलटसुलट निकाल होते. २०१९ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पूर्णपीठाने तो वाद मिटवला, लग्नच रद्दबातल असेल तर त्या बाईला या नियमाखाली विधवा म्हणता येत नाही. म्हणून 'निम्मी-निम्मी तरी मिळेलच' असं कोणी सांगत असेल तर त्यावर विसंबू नका. आणि समोरच्या बाईशी लोक अदालतमध्ये निम्म्या पेन्शनची तडजोड करून टाका असं सुचवतात तेही फॅमिली पेन्शनच्या बाबतीत धोक्याचं आहे, दोन माणसांच्या संमतीने कोणी कायदेशीर पत्नी होत नाही आणि सरकारवर ती तडजोड बंधनकारक नाही. जीपीएफच्या रकमेत तडजोड जरूर करा, तिथे ती चालते.

आता जे मला सगळ्यात कळकळीने सांगायचंय ते. तुमच्या प्रश्नात शेवटी जाता जाता एक ओळ आहे की 'बहीण २१ वर्षांची आहे, कॉलेजला आहे'. अहो, तुमच्या सगळ्या फाईलमधली सर्वात भक्कम बाजू हीच आहे आणि तिच्या नावाने एकही अर्ज गेलेला नाही! आईचं लग्न कोर्टाने उद्या रद्दबातल धरलं तरी हिंदू विवाह कायद्याच्या कलम १६ मुळे तुम्ही दोघं भावंडं औरसच आहात. सुप्रीम कोर्टाने २००० साली बिहारच्या एका सरकारी कर्मचाऱ्याच्या केसमध्ये दुसऱ्या पत्नीला पेन्शन नाकारली पण तिच्या अज्ञान (म्हणजे १८ वर्षांखालच्या) मुलांना पेन्शनमध्ये आणि ग्रॅच्युइटीत वाटा दिला. आपल्या नियमात मुलाला २१ वर्षांपर्यंत आणि मुलीला २४ व्या वर्षापर्यंत किंवा लग्न होईपर्यंत फॅमिली पेन्शन आहे. वडील गेले तेव्हा तुम्ही २३ चे होतात म्हणजे तुमचा हक्क तेव्हाच संपलेला, पण बहीण १८ ची होती. तिच्याकडे सहा वर्षं होती आणि त्यातली तीन ऑफिसच्या त्या एका पत्राची वाट बघण्यात गेली. समोरची बाजू म्हणेल की त्या निकालातली मुलं अज्ञान होती आणि ही सज्ञान आहे, त्यावर आपलं म्हणणं असं की वयाची मर्यादा नियमाने ठरते आणि आपला नियम मुलीला २४ देतो. माझ्या मते हे म्हणणं चांगलं टिकणारं आहे. तिचा स्वतंत्र अर्ज, पेन्शन नियमांतल्या नमुना १२ मध्ये, तिच्या सहीने, जन्मदाखला, शाळा सोडल्याचा दाखला आणि अविवाहित असल्याचं शपथपत्र जोडून द्या. त्यात आईच्या हक्काला बाधा न येता हे मागतेय असं एक वाक्य घाला, नाहीतर पुढे कोणी म्हणायला नको की मुलीने अर्ज दिला म्हणजे आईचं लग्न बेकायदा होतं हे मान्यच केलं.

ही गोष्ट मी इतकी ताणून सांगतोय कारण एका केसमध्ये ती मला उशिरा सुचली. एका बाईंनी नवऱ्याचं २४ वर्षं केलं, शेवटी अर्धांगवायूत अंथरुणावर होता तेव्हा त्यांनीच सगळं काढलं, पण पहिली बायको हयात, घटस्फोट नाही, त्या समाजात फारकतीची रूढी नाही. केस चालू असतानाच पूर्णपीठाचा निकाल आला आणि बाईंचा दावा संपला. त्यांच्या मुलीचा अर्ज आम्ही त्यानंतर टाकला. तिला वाटा मिळाला, पण वयाची २४ पूर्ण व्हायला तेव्हा १४ महिने उरले होते. पहिल्या दिवशी टाकला असता तर तिचं सगळं शिक्षण त्यात झालं असतं. तेव्हापासून माझ्याकडे अशी केस आली की मी आधी मुलांची वयं विचारतो, मग लग्नाचं.

आता पुढे करायचं काय आणि कुठे.

तुमच्या आईंना 'मी कायदेशीर पत्नी आहे' अशा घोषणेचा दावा लागेल. जिल्ह्यात कौटुंबिक न्यायालय असेल तर तिथे, कारण कोणाच्या वैवाहिक दर्जाची घोषणा हा कौटुंबिक न्यायालय कायदा १९८४ प्रमाणे त्यांचा विषय आहे, नसेल तर दिवाणी न्यायालय वरिष्ठ स्तर. पहिल्या बाईला पक्षकार करा आणि सरकारलाही करा, म्हणजे निकाल दोघांवर बंधनकारक राहील. सरकार पक्षकार म्हटलं की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आधी द्यावी लागते, ती राहिली म्हणून दावे परत गेलेले मी पाहिलेत, तेव्हा नोटीस आजच पाठवायला सांगा. तातडीचा मनाई हुकूम हवा असेल तर कोर्टाच्या परवानगीने नोटिशीआधीही जाता येतं. आणि तो हवाच, निकाल लागेपर्यंत ऑफिसने ग्रॅच्युइटी वगैरे कोणालाही देऊ नये, हवं तर कोर्टात भरावी, इतका हुकूम सुरवातीलाच मागा, एकदा पैसे वाटले गेले की ते परत आणणं फार अवघड जातं.

लोक विचारतात की थेट मॅटमध्ये का नाही. मॅट म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, ते मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे बसतं, राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या पेन्शनचे वाद तिथेच जातात, थेट हायकोर्टात नाही, हायकोर्ट त्यानंतर. पण मॅट कागदावर चालतं, तिथे साक्षीपुरावे, उलटतपास असं होत नाही. पत्नी कोण यावरच वाद असेल तर ते तुम्हाला दिवाणी कोर्टाचा रस्ता दाखवतील आणि मधली दोन वर्षं वाया. बहिणीचा मुद्दा मात्र मॅटमध्ये चालण्यासारखा आहे, कारण ती वडिलांची मुलगी आहे हे कोणी नाकारत नाही, तिथे फक्त नियमाचा अर्थ लावायचाय. म्हणून माझ्या हातात असती तर मी ही केस दोन वाटांनी नेली असती, आईंचा दावा दिवाणी कोर्टात आणि बहिणीचा अर्ज मॅटमध्ये. एक गोष्ट तपासा, वडील खरंच राज्य शासनाच्या खात्यात होते ना, का जिल्हा परिषदेकडे? पगारपत्रक बघा. जिल्हा परिषद असेल तर मॅट नाही, हायकोर्टात रिट. आणि हे वाचणाऱ्या दुसऱ्या कोणाचे वडील १ नोव्हेंबर २००५ नंतर लागलेले असतील तर त्यांची नवी पेन्शन योजना, त्यात सेवेत मृत्यू झाल्यास फॅमिली पेन्शनची सोय ३१ मार्च २०२३ च्या शासन निर्णयाने आली, तो आधी वाचा.

मुदतीचं सांगतो. मॅटमध्ये अंतिम आदेशापासून एक वर्ष, आणि तुम्ही निवेदन दिलं आणि उत्तरच आलं नाही तर सहा महिने थांबून त्यापुढे एक वर्ष, प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा १९८५ कलम २१. उशीर झाला तर विलंब माफीचा अर्ज. पेन्शन दर महिन्याला देय असते म्हणून हक्क मरत नाही, पण थकबाकी मरते. सुप्रीम कोर्टाच्या २००८ च्या निकालापासून कोर्टं साधारणपणे अर्ज दाखल केल्याच्या मागची तीनच वर्षं थकबाकी देतात. तुमच्या वडिलांना जाऊन तीन वर्षं होऊन गेलीत, म्हणजे इथून पुढे प्रत्येक महिना उशीर केलात की मागचा एक महिना गळतो. शेवटचं मूळ वेतन ५०,००० धरलं तर साध्या दराने ३० टक्के म्हणजे १५,००० आणि वर महागाई भत्ता, सुरवातीची काही वर्षं तर वाढीव दर असतो, एवढी रक्कम दर महिन्याला तुमच्या घरातून जातेय.

पुराव्याबद्दल एक अनुभव सांगतो, उपयोगी पडेल. लोक लग्नाचे फोटो, पत्रिका, रेशनकार्ड, मतदार यादी, एलआयसीची पॉलिसी घेऊन येतात, ते सगळं ठीकच आहे, आणा. पण सगळ्यात जड पुरावा ऑफिसच्याच कपाटात असतो. मघाशी ज्या बाई सांगितल्या, लॅमिनेट केलेल्या दाखल्यावाल्या, त्यांच्या दाव्यात आम्ही ऑफिसच्या हेड क्लार्कला कागदपत्रांसह साक्षीला समन्स काढलं. सर्व्हिस बुक आलं, त्यात नोकरी लागतानाच्या पानावर निळ्या शाईत पहिलीचं नाव, पुढे कधी बदललेलंच नाही. आमचा चेहरा पडला. पण सोबत वैद्यकीय बिलांची एक नस्ती होती, दोरीने बांधलेली, वर धूळ. २०११ मध्ये बाईंचं मुतखड्याचं ऑपरेशन झालं होतं आणि नवऱ्याने बिल मंजुरीला टाकलं होतं. फॉर्मवर रकाना होता, रुग्णाचे कर्मचाऱ्याशी नाते, आणि त्यात त्याच्या अक्षरात 'पत्नी', खाली त्याची सही, त्याखाली कार्यालय प्रमुखाची सही आणि गोल शिक्का. साक्षीदाराला मी एवढंच विचारलं की ही सही कोणाची आणि या बिलाचे पैसे शासनाने दिले का. त्याने हो म्हटलं. बाई मागे बाकावर बसल्या होत्या, त्यांना ते बिल आठवतही नव्हतं. नुसत्या त्या बिलावर दावा जिंकलो नाही, फारकतीची रूढी तीन म्हाताऱ्या साक्षीदारांनी सांगितली, पहिलीच्या दुसऱ्या घरच्या मुलाचा शाळेचा उतारा आणला, पण त्या दिवसापासून सरकारी वकिलांचा विरोध ढिला पडला. म्हणून वडिलांच्या ऑफिसमधून वैद्यकीय बिलं, रजा प्रवास सवलतीचे अर्ज, सरकारी क्वार्टर होतं तर त्याचा अर्ज, नमुना ३ मधला कुटुंबाचा तपशील, सगळी नॉमिनेशन्स, यांच्या नकला मागा. माहिती अधिकारात मागितल्या तर वैयक्तिक माहिती म्हणून नाकारतील, तरी अर्ज करा, नकार लेखी घ्या, पहिलं अपील करा. तो नकार दाव्यात कागदपत्रं हजर करायचा हुकूम मागताना कामी येतो.

वेळ किती? त्या बाईंना दाव्याला चार वर्षं लागली आणि निकालानंतर पेन्शन हातात यायला आठ महिने. निकाल लागला की ऑफिस समोरच्याच्या अपिलाची मुदत संपायची वाट बघतं, मग प्रस्ताव महालेखाकारांकडे, तिथून पीपीओ (पेन्शन देण्याचा आदेश), मग ट्रेझरी. समोरची बाई गैरहजर राहिली तर वर्ष-दीड वर्षातही संपतं, कोर्टावर आणि तिच्यावर अवलंबून आहे. व्याजाची आशा फार धरू नका, नियम १२९-ब मध्ये उशिराच्या पेन्शनवर व्याज आहे पण प्रशासनाच्या चुकीने उशीर झाला तर, वारसांच्या भांडणाचा उशीर त्यात धरत नाहीत.

खर्चाचं तुम्ही विचारलं नाही पण लिहिण्यातून काळजी दिसली. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे महिलेला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच त्यांचं ऑफिस असतं. आई आणि बहीण दोघीही पात्र आहेत, दोघींचे वेगळे अर्ज करा.

तर पटकन पुन्हा एकदा: सक्सेशन जीपीएफ आणि बाकी रकमांसाठी राहू द्या पण पेन्शनसाठी त्याच्यावर थांबू नका, आईंचा घोषणेचा दावा आणि त्याआधी कलम ८० ची नोटीस, सोबत मनाई हुकूम, बहिणीचा स्वतंत्र अर्ज ऑफिसला आणि तिथून मॅट.

तुम्ही मला चार गोष्टी कळवा, समाज कोणता आणि त्यात फारकतीची पद्धत आहे का, पहिली बाई सध्या कोणाच्या घरी राहते, तो स्टॅम्प पेपर सापडतो का, आणि ऑफिसच्या त्या पत्राची तारीख. त्यावर पुढचं नेमकं सांगता येईल. पण बहिणीच्या अर्जासाठी माझ्या उत्तराची वाट बघू नका, याच आठवड्यात तिला घेऊन ऑफिसला जा, अर्जाच्या दोन प्रती न्या, दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घेतल्याशिवाय तिथून निघू नका. घेत नाही म्हणाले तर त्याच दिवशी पोस्टात जाऊन स्पीड पोस्टाने पाठवा आणि पोहोच जपून ठेवा.